हनोईच्या फुटपाथवर बसून जेवायचंय? पहिल्यांदा जाणाऱ्यांसाठी

अर्धा वाडगा संपल्यावर आत्याने विचारलं, "अरे, हे पाणी कशाचं?"

हनोईतली आमची पहिली संध्याकाळ होती ती. गाइडबरोबरच्या खाऊसफरीचं बुकिंग करताना मी 'एक जण शाकाहारी' असं लिहिलं होतं आणि पलीकडून 'काळजी करू नका' असं उत्तरही आलं होतं. गाइडने त्याच्या परीने शब्द पाळला. आत्याच्या फोमध्ये, म्हणजे नूडल्सच्या सुपात, मांसाचे तुकडे घालू नका असं त्याने गाडीवाल्या बाईंना सांगितलं. नूडल्स, पातीचा कांदा, वर लिंबू. खालचं पाणी मात्र बीफच्या हाडांचं, तासन्‌तास उकळलेलं. मी खरं ते सांगितलं. आत्या काही बोलली नाही. तिने चमचा खाली ठेवला, पर्समधून आलेपाकाची वडी काढली आणि तोंडात टाकली. ती आलेपाकाची वडी मला आजही टोचते.

दीड वर्षाने आम्ही परत गेलो, तेही तिच्याच हट्टाने. "त्या बाई कपड्यावर काहीतरी उकडत होत्या ना, ते मला खायचंय." या खेपेला सगळं नीट जमलं. दोन्ही वेळा गाइड होता, जुनं शहर तेच होतं, खाण्याच्या गाड्याही बऱ्याचशा त्याच. फरक पडला तो मी आधी पाठवलेल्या निरोपामुळे. म्हणून खाली सगळ्यात जास्त जागा त्यालाच दिली आहे.

१. संध्याकाळ ठरवा, जमल्यास पहिलीच

बहुतेक लोक खाऊसफर शेवटच्या दिवसासाठी ठेवतात, गोड शेवट म्हणून. मी उलट सांगेन. गाइडबरोबरच्या तीन-चार तासांत तुम्ही खाता सहा-सात पदार्थ, पण कुठे बसायचं, कसं मागायचं, किती पैसे द्यायचे हेही त्यातच शिकता. ते शिकून विमानतळावर जाण्यात काय हशील? मुंबईहून हनोईला थेट विमानं आहेत. रात्रीचं विमान असेल तर सकाळी पोचून दुपारी झोप काढा आणि संध्याकाळी निघा. झोपेशिवाय निघू नका, जांभया देत खाल्लेलं काही लक्षात राहत नाही.

व्हिएतनामचं घड्याळ आपल्या दीड तास पुढे. तिथे लोक सहा-सातला जेवतात, त्यामुळे सफरी साडेपाच-सहाला सुटतात. आपल्याकडे तेव्हा चार-साडेचार वाजलेले असतात, म्हणजे पोट चहाच्या वेळेवरच असतं. दुपारी नुसती फळं खा.

दिनदर्शिका उघडून दोन गोष्टी पाहा.

पहिली, तेत. हे त्यांचं चांद्र नववर्ष, जानेवारीच्या उत्तरार्धापासून फेब्रुवारीच्या २० तारखेपर्यंत कधीही येतं. २०२७ मध्ये ते ६ फेब्रुवारीला आहे. त्या आठवड्यात निम्मं जुनं शहर गावी गेलेलं असतं, गाड्या बंद. दिवाळीच्या पाडव्याला पुण्यात मिसळ शोधण्यासारखं.

दुसरी गोष्ट शाकाहाऱ्यांसाठी, आणि ही मला फार उशिरा कळली. त्यांचा चांद्र महिना आपल्या मराठी महिन्यासारखाच अमावास्येनंतर सुरू होतो. त्या महिन्याच्या पहिल्या आणि पंधराव्या तिथीला अनेक बौद्ध कुटुंबं मांसाहार टाळतात, त्यामुळे शाकाहारी खाणं सहज मिळतं. म्हणजे शुद्ध प्रतिपदा आणि पौर्णिमा गाठायची. एखाद्या दिवसाचा फरक पडतो, तो गाइडला विचारून घ्या.

हवा: डिसेंबर ते फेब्रुवारी हनोईत खरी थंडी असते, वर रिमझिम. व्हिएतनाम म्हणजे उकाडा असं समजून आम्ही अर्ध्या बाह्यांचे शर्ट नेले होते. जून ते ऑगस्ट उकाडाही आणि धो धो पाऊसही. मला ऑक्टोबर-नोव्हेंबर आवडतो.

२. सफरीचा प्रकार निवडा

चालत जायची सफर उत्तम. जुनं शहर छोटं आहे. जुन्या '३६ गल्ल्यां'ची नावं अजून धंद्यांवरूनच आहेत, हांग बाक म्हणजे चांदीवाल्यांची, हांग मा कागदी वस्तूंची, हांग दुओंग साखरेची. आपल्याकडच्या तांबट आळी, बोहरी आळीसारखंच. लान ओंग गल्लीत शिरलात की काष्ठौषधींचा वास येतो, दुकानाची पाटी वाचावी लागत नाही.

स्कूटरवर मागे बसवून नेणाऱ्या सफरीही आहेत. मजा येते, पण हेल्मेट धड आहे का ते पाहा आणि तुमच्या प्रवासविम्यात दुचाकीचा अपघात धरलाय का ते घरूनच वाचून घ्या. गुडघे दुखत असतील तर सिक्लो बरी. ही त्यांची सायकलरिक्षा, हिच्यात आपण पुढे बसतो आणि चालवणारा मागे. समोरून येणारी गाडी आधी आपल्याला दिसते, हे मनाशी धरून बसा.

गटाने चालत जायच्या सफरीला माणशी साधारण २० ते ३५ डॉलर पडतात, खाणं त्यातच. फक्त तुमच्या कुटुंबापुरती सफर महाग, पण घरात एक जरी कट्टर शाकाहारी असेल तर तीच घ्या. दहा अनोळखी माणसांच्या गटात गाइड एकासाठी वाट वाकडी करत नाही, आणि त्याचाही दोष नाही. इंग्रजीच्या सरावासाठी विनामूल्य फिरवणारे कॉलेजचे विद्यार्थीही हनोईत आहेत. त्यांचं खाणं-पिणं आपण करायचं. मुलं हुशार आणि गप्पिष्ट असतात, फक्त खूप आधी कळवावं लागतं.

३. गाइडला निरोप पाठवा

'शाकाहारी' या एका शब्दावर विसंबू नका. तिथे मांसाचे तुकडे नसले की पदार्थ शाकाहारी झाला असं समजणारे बरेच, आणि ते तुम्हाला फसवत नसतात. आपल्याकडे नाही का कुणी म्हणत, "मासे नाहीत हो त्यात, नुसते सोडे घातलेत वासाला"?

मांस खालीलपैकी कुठल्याही रूपात येऊ शकतं, म्हणून एकेक नाव घेऊन विचारा.

नुओक माम: माशांचं पाणी. खारवलेल्या माशांपासून बनतं आणि आपल्या मिठासारखं सगळीकडे असतं. बुडवून खायच्या जवळपास प्रत्येक वाटीत.

माम तोम: आंबवलेल्या कोळंबीची जांभळट पेस्ट. हिचा वास आधी येतो, वाटी मागून. सुकटीवर वाढलेला माझा एक मालवणी मित्रही दोन पावलं मागे सरला होता.

हाडांचं पाणी: फो, बुन (तांदळाच्या शेवया), बहुतेक सगळी सुपं.

मसाल्याची पूड: भाज्यांवर भुरभुरतात तिच्यात बहुधा डुकराच्या हाडांचा अर्क असतो. लसूण घालून परतलेली हिरवीगार नाळीची भाजी डोळ्यांना निर्दोष दिसते, तिथेच घात होतो.

चरबी: 'सोय' नावाचा चिकट भात मिळतो, हळद लावलेला, वर मूगडाळीचा कीस आणि तळलेला कांदा. नाव ऐकूनच आत्या खूश. पण त्यावर वरून कोंबडीची किंवा डुकराची चरबी सोडायची पद्धत आहे. ती नको म्हणून सांगावं लागतं.

यानंतर तुमची रेघ कुठे आहे ते लिहा. अंडं चालतं का? त्याच तव्यावर, त्याच तेलात केलेलं चालतं का? या प्रश्नावर घरात आधी बोलून घ्या, फुटपाथवर बसून चर्चा नको. जैन असाल तर गाइडला सांगा की बौद्ध मठाच्या पद्धतीचं जेवण हवं, त्यात कांदा-लसूण नसतो. कंदमुळांचं मात्र वेगळं सांगावं लागेल. मांसाहारी असून बीफ खात नसाल तर तेही स्पष्ट लिहा, कारण फो म्हटलं की बीफ पुढे येतं. कोंबडीचा 'फो गा' मागायचा. शेंगदाण्याची ॲलर्जी असेल तर ती सगळ्यात वर लिहा, दाण्याचं कूट तिथे बऱ्याच पदार्थांवर पडतं.

निरोपाच्या शेवटी दोन प्रश्न विचारा: "कोणकोणत्या ठिकाणी नेणार आणि तिथे आमच्या शाकाहारी माणसाला नेमकं काय मिळणार?" पदार्थांची नावं आली तर पैसे भरा. 'काळजी करू नका' एवढंच आलं तर दुसरीकडे विचारा. पहिल्या खेपेला मला 'काळजी करू नका' आलं होतं.

दुसऱ्या खेपेच्या गाइडने उलट मलाच सात प्रश्न विचारले. विशीतली मुलगी. शेवटचा प्रश्न होता, "त्या बाई तुमच्या कोण?" व्हिएतनामी भाषेत नुसतं 'तुम्ही' म्हणून भागत नाही, नात्याप्रमाणे संबोधन बदलतं. वडिलांची धाकटी बहीण, असं मी कळवलं. त्याला त्यांच्याकडे 'को' असा स्वतंत्र शब्द आहे. संध्याकाळी हॉटेलच्या दारात तिने हात जोडून "को" म्हटलं, आणि आत्या तिथेच निम्मी जिंकली गेली.

४. कागदपत्रं आणि पिशवी

भारतीयांना व्हिसा लागतो. ई-व्हिसा सरकारी संकेतस्थळावरूनच काढा. एकदा प्रवेशाचे २५ डॉलर, मुदत ९० दिवसांपर्यंत. सरकारी वाटतील अशी खाजगी संकेतस्थळं शोधात वर येतात आणि दुप्पट-तिप्पट पैसे घेतात. आपल्या पासपोर्टवर स्वतःच्या नावापुढे वडिलांचं किंवा नवऱ्याचं नाव एकाच रकान्यात असतं. ते जसंच्या तसं भरा, 'मधलं नाव' म्हणून गाळू नका.

संध्याकाळी बरोबर घ्यायचं:

- पासपोर्टची छायाप्रत आणि मोबाइलमध्ये फोटो. मूळ पासपोर्ट हॉटेलच्या तिजोरीत.
- हॉटेलचं कार्ड, व्हिएतनामी भाषेत पत्ता असलेलं.
- बुकिंगची पावती आणि गाइडचा नंबर. तिथलं सिम किंवा ई-सिम चालू करून निघा.
- सुट्ट्या नोटा, वेगळ्या छोट्या पाकिटात.
- ओले रुमाल. टेबलावर कागदी रुमाल असतात, पण पुरत नाहीत.
- घडीचा रेनकोट. छत्री नको, गल्लीत दुसऱ्याच्या डोळ्यात जाते.
- ओआरएसची पुडी आणि नेहमीची औषधं.
- पट्ट्याचे सपाट बूट. गटारावरच्या जाळीत टाच अडकते.

आलेपाक ऐच्छिक.

५. पैशांचं गणित

एका रुपयाला साधारण ३०० डाँग. गल्लीत उभं राहून भागाकार कोण करतंय? शेवटची तीन शून्यं झाका, उरलेल्या आकड्याची तिप्पट करा आणि वर थोडं धरा. ५०,००० डाँग म्हणजे ५० तिपटीने १५०, थोडं वर, १६५-१७० रुपये. फोचा वाडगा साधारण ५० ते ८० हजारांत येतो. "ऐंशी हजार!" असं आत्या मोठ्याने म्हणाली होती.

सगळ्यात मोठी गफलत नोटांची होते. २०,००० ची नोट निळी आणि ५,००,००० चीही निळसर. दोन्ही प्लास्टिकच्या, दोन्हींवर हो चि मिन्ह. पिवळ्या दिव्याखाली घाईत नोट दिली की पंचवीसपट पैसे गेले. पाच लाखांची नोट संध्याकाळच्या पाकिटात ठेवूच नका.

डॉलर नेणार असाल तर कोऱ्या नोटा न्या, दुमडलेल्या-डागाळलेल्या नाकारतात. बँकेत किंवा विमानतळावरच्या खिडकीवर बदला. गाड्यांवर क्यूआर चिकटवलेले दिसतील, ते तिथल्या बँकखात्यांचे. आपलं यूपीआय चालेल असं धरून जाऊ नका.

गाइडला बक्षिसी द्यायची सक्ती नाही. आवडलं तर द्या, पाकिटात घालून, दोन्ही हातांनी.

६. भेटल्यावर पहिली दहा मिनिटं

हॉटेलमधून निघतानाच स्वच्छतागृहात जाऊन या. पुढे कुठे मिळेल आणि कसं असेल याचा भरवसा नाही.

परवानाधारक गाइडच्या गळ्यात ओळखपत्र असतं, ते पाहा. तुमचा निरोप त्याला मिळालाय ना, हे तोंडी पुन्हा विचारा. बुकिंग घेणारा एक आणि फिरवणारा दुसरा, असं सर्रास असतं. आमच्या पहिल्या गाइडपर्यंत 'शाकाहारी' एवढा एकच शब्द पोचला होता, हे मला आत्याचा अर्धा वाडगा संपल्यावर कळलं.

आता रस्ता ओलांडणं. स्कूटरींचा लोंढा थांबत नाही, आणि तो थांबेल म्हणून उभे राहिलात तर तिथेच रात्र होईल. मोठी गाडी किंवा बस येत नाही एवढं बघा आणि संथ, एका चालीने चालत राहा. पळू नका, मध्येच थबकू नका, मागे तर फिरूच नका. स्कूटरवाले तुमची चाल जोखून बाजूने वळतात. पंढरपूरच्या वाळवंटात गर्दीतून वाट काढलेल्या आत्याला हे आमच्याआधी जमलं.

आणि चार शब्द पाठ करा. 'तोय आन चाय' म्हणजे मी शाकाहारी आहे. म्हणजे 'चाय' हा शाकाहार. चहाला हनोईत 'चा' म्हणतात. पण 'बुन चा'मधला 'चा' म्हणजे डुकराच्या मांसाच्या भाजलेल्या वड्या. तिघांचे सूर वेगळे, आपल्या कानाला सगळे सारखेच. तेव्हा चहा हवा असेल तर दुसऱ्याच्या पेल्याकडे बोट दाखवा. 'खोंग' म्हणजे नको किंवा नाही: खोंग थित, मांस नको, खोंग नुओक माम, माशांचं पाणी नको. आभाराला 'काम अन'. हाक मारायची तर शेवटी 'ओय' लावायचं. थोरल्या बहिणीच्या वयाच्या बाईंना 'चि ओय'. आपल्याकडे 'ओय' म्हटलं तर मार खाल, तिथे ती रीत आहे.

७. खाताना

बसायला वीतभर उंचीची प्लास्टिकची स्टुलं. सवय नसेल तर आधी हात टेकवा, मग बसा. गुडघ्यांचा प्रश्न असेल तर गाइड दोन स्टुलं एकावर एक ठेवून देतो, मागायला लाजू नका. पायांशी पडलेले कागद, लिंबाच्या साली पाहून नाक मुरडू नका. भरपूर माणसं येऊन गेल्याची खूण आहे ती. वेगाने खपणारा ताजा माल, हाच पोटाचा विमा.

प्रत्येक ठिकाणी अर्धंच खा. पहिल्या दोन थांब्यांवर वाडगे चाटून पुसून ठेवणारे लोक चौथ्या थांब्यावर नुसते बसून असतात. एक वाडगा दोघांत घ्या.

मांसाहाऱ्यांना सांगायला फार लागत नाही. बुन चा खरं तर दुपारचं खाणं. २०१६ मध्ये बराक ओबामा हनोईत असाच प्लास्टिकच्या स्टुलावर बसून बुन चा खाऊन गेले, तेव्हापासून पाहुण्यांना ते संध्याकाळीही हवं असतं. 'चा का' मात्र चुकवू नका. हळद लावलेले माशाचे तुकडे तुमच्या पुढ्यातल्या तव्यावर परततात आणि त्यावर जुडीच्या जुडी शेपू. होय, आपला शेपू. लहानपणी ताटाच्या कडेला सारलेला तोच शेपू मी तिथे दोनदा मागून घेतला. आईला अजून सांगितलेलं नाही.

पानांची टोपली जवळपास प्रत्येक ठिकाणी येते: पुदिना, कोथिंबीर, जांभळ्या पाठीची पानं, आणखी कितीतरी. कच्चीच खायची असतात. पोट नाजूक असेल तर पहिल्या दिवशी टोपली राहू द्या.

आता आत्याचं ते कपड्यावरचं. नाव बान कुओन. उकळत्या पाण्याच्या हंड्यावर पातळ कापड ताणून बांधलेलं. बाई पळीभर तांदळाचं पातळ पीठ त्यावर टाकतात, पळीच्या बुडाने गोल फिरवतात आणि झाकण ठेवतात. मनात वीस मोजेपर्यंत झाकण उघडतं, वाफेचा लोट दिव्यापर्यंत जातो, आणि बाई बांबूची चपटी लांब काठी कडेने आत सरकवून तो पापुद्रा एका झटक्यात उचलतात. ओला, अर्धपारदर्शक, काठीवर लोंबणारा, आणि तरी फाटत नाही. मग ताटलीवर पसरून गुंडाळी, वर कुरकुरीत तळलेला कांदा.

"अरे, ही तर आपली सालपापडी!" आत्या म्हणाली. "वाळवायच्या आधीची!" लहानपणी अंगणात अशा ओल्या फेण्या चोरून खाल्ल्याचं ती पुढे दहा मिनिटं सांगत होती, आणि गाइड ते त्या बाईंना भाषांतर करून सांगत होती.

आत एरवी डुकराचा खिमा आणि काळी अळंबी असते. शाकाहाऱ्यांना सारणाशिवाय, नुसती मिळते. तिलाही 'चाय'च म्हणतात, पण बरोबर वाटी नुओक मामचीच येते. तीच नेमकी मेख आहे. ती वाटी बाजूला करून सोयाबीनचा सॉस, म्हणजे 'सी झाउ' मागायचा. काठी एकच आणि कापडही एकच, हे आत्याला आधी सांगितलं होतं. ती म्हणाली, वाफेला विटाळ नसतो. तुमच्याकडे असेल तर या गाडीवर फक्त बघा.

शाकाहाऱ्यांनी आणखी काय मागावं: 'चे', म्हणजे मूग, काळे वाल, कमळबिया, नारळाचं दूध आणि बर्फ, थंड खिरीसारखं. तो तिच गल्लीत पेलाभर फळं, वर आटवलेलं गोड दूध आणि बर्फाचा चुरा. रताळ्याची भजी, तिळाचे तळलेले गोळे. तळलेलं टोफू छान असतं, पण ते माम तोमबरोबर येतं. मीठ-लिंबू मागा.

अंडं चालत असेल तर शेवट अंड्याच्या कॉफीने करा. १९४६ मध्ये दुधाची टंचाई होती, तेव्हा मेट्रोपोल हॉटेलात काम करणाऱ्या ज्यांग यांनी दुधाऐवजी अंड्याचा बलक फेटून कॉफीवर घातला. त्यांच्या नावाचं कॅफे अजून चालू आहे. पेला गरम पाण्याच्या वाडग्यात ठेवून देतात, वर बोटभर पिवळा फेस. आधी चमच्याने फेस खा, मग खालची कडक कॉफी ढवळा. अंड्याचा वास येत नाही. आत्याने ती घेतली नाही, पण वास मात्र घेतला. दोनदा.

एक प्रसंग घाबरवणारा वाटेल, म्हणून सांगून ठेवतो. खाता खाता अचानक आरडाओरड होते, गाडीवाल्या बाई तुमच्या खालचं स्टूल मागतात आणि अर्ध्या मिनिटात अख्खी गाडी गल्लीत गडप. फुटपाथ मोकळा करायला पोलीस आलेले असतात. दादरच्या फेरीवाल्यांमध्ये 'गाडी आली रे' झालं की जे होतं तेच. वाडगा हातात घेऊन उभे राहा, पाच मिनिटांत स्टुलं परत येतात.

८. फसगतीच्या जागा

खांद्यावर कावड घेतलेल्या बाई हसून तुमच्या खांद्यावर कावड ठेवतात, डोक्यावर टोपी घालतात, फोटो काढा म्हणतात. मग फळांचे दाम चौपट. गोड गोळे विकणाऱ्याही तसंच, 'चव बघा' म्हणून हातात देतात आणि पिशवीभर बांधून मोकळ्या. हात मागे घ्या, मान हलवा, चालू लागा. बुटाकडे बोट दाखवून 'फाटलाय' म्हणत गोंद लावायला बसणाराही भेटेल. पाय मागे घ्या.

नावांवर जाऊ नका, घर क्रमांकावर जा. एकच प्रसिद्ध नाव एकाच गल्लीत तीन पाट्यांवर असतं. फोची कित्येक नामांकित दुकानं तर नुसत्या पत्त्यानेच ओळखली जातात, उदाहरणार्थ बात दान गल्लीतलं ४९ नंबर.

ता हिएनच्या कोपऱ्यावर 'बिआ होय' मिळते, रोजच्या रोज बनणारी हलकी, स्वस्त बिअर. बसण्याआधी भाव विचारा. तिथली दुकानं खेचून बसवतात आणि ज्याच्या स्टुलावर बसलात त्याचं बिल. टॅक्सी रस्त्यावरून न पकडता ग्रॅब ॲपवरून मागवा, भाडं आधीच दिसतं.

९. निरोप घेण्याआधी चिठ्ठी लिहून घ्या

सफर संपताना गाइडकडून दोन गोष्टी मागा. आज खाल्लेल्या ठिकाणांचे पत्ते, तुमच्या मोबाइलच्या नकाशावर खुणा करून. आणि कागदावर, व्हिएतनामी भाषेत, स्वच्छ अक्षरात तुमच्या पथ्याची चिठ्ठी: मांस नाही, मासे नाहीत, हाडांचं पाणी नाही, नुओक माम नाही, चरबी नाही, मसाल्याची पूड नाही. भाषांतराचं ॲप आहेच, पण हात तेलाचे असताना गाडीवाल्या बाई मोबाइलच्या पडद्याला हात लावत नाहीत. कागद वाचतात.

आमच्या गाइडने वहीचं पान फाडून सहा ओळी लिहून दिल्या. दुसऱ्या दिवशी सकाळी मला जाग आली तेव्हा आत्याचा पलंग रिकामा होता आणि ती चिठ्ठीही जागेवर नव्हती. रस्त्यावर उतरून दोन गल्ल्या धावत गेलो. वाफ लांबूनच दिसली. आत्या त्याच बाईंच्या शेजारी, दोन स्टुलं एकावर एक ठेवून बसली होती. चिठ्ठी सॉसच्या बाटलीखाली दाबलेली. बाई काठीने पापुद्रा कसा उचलायचा ते तिला दाखवत होत्या, आणि आत्या त्यांना मराठीत सांगत होती की पीठ अजून थोडं सैल करा.